नस कापली म्हणजे काय कापलं?



ही व्याख्यानमाला ज्या डॉक्टरांच्या स्मरणार्थ चालते, त्यांच्या दवाखान्यात मी बारावीनंतर दोन वर्षं केसपेपर काढत होते. १९८५-८६ची गोष्ट. नाव, वय, गाव लिहायचं आणि कागद आत पाठवायचा. आत डॉक्टर काय लिहितात ते संध्याकाळी कागद लावताना वाचायला मिळायचं. इथे बसलेल्यांपैकी निम्म्यांनी तरी त्यांच्या हातचं इंजेक्शन खाल्लंय. पण त्यांच्या टेबलावरचा रबरी शिक्का किती जणांना आठवतो? मुद्दाम करून घेतलेला होता. कागदावर दाबला की जांभळ्या शाईत दोन तळहात उमटायचे, एक डावा आणि एक उजवा. हाताला लागलेला पेशंट आला की आधी शिक्का, मग त्यावर लाल पेन्सिलीनं खूण, आणि मग खाली दोन ओळी. मला तेव्हा वाटायचं, डॉक्टरांना लिहायचा कंटाळा येतो.

पुढे माझं सगळं आयुष्य इतर डॉक्टरांनी काय लिहिलंय ते वाचण्यात गेलं. आधी एका हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात, ज्याला सगळे एमआरडी म्हणतात, आणि २००६पासून मेडिकल कोडिंगमध्ये. आता नव्या पोरांना शिकवते. माझ्या वहिनींना अजून वाटतं की मी कॉम्प्युटरचे प्रोग्रॅम लिहिते. तर दोन वाक्यांत सांगते. अमेरिकेत माणूस हॉस्पिटलात जाऊन आला की त्याला काय झालं होतं आणि त्यावर काय केलं, हे दोन्ही आकड्या-अक्षरांच्या खुणांमध्ये विमा कंपनीकडे जातं. त्या खुणा म्हणजे कोड, आणि डॉक्टरचं टिपण वाचून ते लावायचं काम पुणे, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नईत बसलेली मुलं-मुली करतात. लोक विचारतात, नाइट शिफ्ट का? नाही हो. रात्रीची ती फोन करणारी मुलं. चार्ट, म्हणजे डॉक्टरचं ते टिपण, कुठं पळून जात नाही, तो दिवसाही वाचता येतो. फक्त आत जाताना मोबाइल, कागद, पेन सगळं बाहेर ठेवायचं.

मला आज बोलायचंय ते मनगट आणि तळहातातल्या रक्तवाहिन्यांबद्दल. जागा वीतभर. पण सुरुवात मराठीपासून करते, कारण पहिला घोटाळा तिथेच होतो.

आपल्याकडे विळीवर हात कापला की बाई काय म्हणते? ‘नस कापली.’ काचेत हात घातलेला पोरगा म्हणतो, ‘शीर तुटली.’ आता नस म्हणजे काय? रक्त आणणारी धमनीही नस, रक्त परत नेणारी शीरही नस, बधिरपणा येतो ती मज्जातंतूची दोरीही नस, आणि बोट वाकत नाही म्हणून जी तुटली असं कळतं ती कंडराही नस. चार निराळ्या गोष्टी आपण एका शब्दात भागवतो. घरात भागतंही. पण दवाखान्यात डॉक्टरनेही तोच शब्द मनात ठेवून तपासलं तर रक्त थांबलं की प्रश्न मिटला असं त्याला वाटतं, आणि तीन महिन्यांनी पेशंट बधिर बोट घेऊन परत येतो.

जखमांच्या कोडांत रक्तवाहिनी, मज्जातंतू आणि कंडरा वेगळे आहेत, आणि वेगळेपणाला एक लय आहे. इंग्रजी एस अक्षरानं सुरू होणारे कोड जखमांचे. साठ ते एकोणसत्तर म्हणजे मनगट, तळहात, बोटं. त्यातला शेवटचा आकडा ऊतक किंवा इजेचा प्रकार सांगतो: एस ६१ उघडी जखम, एस ६२ हाड मोडणं, एस ६४ मज्जातंतू, एस ६५ रक्तवाहिन्या, एस ६६ स्नायू आणि कंडरा, एस ६७ चिरडणं, एस ६८ तुटून वेगळं होणं. गंमत म्हणजे पाढ्यासारखं हे सगळ्या हातापायांना लागतं. दंडाची रक्तवाहिनी ४५, कोपराखालच्या हाताची ५५, मनगट-तळहाताची ६५, मांडीची ७५, पोटरीची ८५, पावलाची ९५. मी वर्गात हे फळ्यावर लिहिते तेव्हा पोरांचे चेहरे उजळतात. पाठांतर वाचलं म्हणून.

आता हात बघा. आपला उजवा हात उताणा धरा, अंगठ्याच्या मुळाशी दोन बोटं टेकवा. वैद्य नाडी बघतात ती हीच जागा, शार्ङ्गधरसंहितेतही तिचं वर्णन आहे. ही रेडियल धमनी. करंगळीच्या बाजूनं दुसरी येते ती अल्नर, ती खोल असल्यानं पटकन सापडत नाही. तळहातात या दोन्ही एकमेकींना दोन कमानींनी मिळतात. वरची कमान मुख्यतः अल्नरची, खोल कमान मुख्यतः रेडियलची. शेतकऱ्यांना हे चटकन कळेल: एका शेताला दोन पाट, आणि दोन्ही पाट आतल्या चरांनी जोडलेले. एक पाट फुटला तरी पीक करपत नाही. म्हणूनच मनगटाची एक धमनी पूर्ण कापली गेली तरी बहुतेकांचा हात जगतो. जोड नीट आहे का ते बघण्याची चाचणी एडगर ॲलन या अमेरिकन डॉक्टरनं १९२९मध्ये सांगितली. तिचं पुढे सुधारलेलं रूप असं: मूठ आवळायची, मनगटाच्या दोन्ही धमन्या दाबून धरायच्या, मूठ उघडली की तळवा पांढरा. मग एकच धमनी सोडायची आणि तळवा लाल व्हायला किती वेळ लागतो ते पाहायचं. घरी जाऊन करून बघा. फुकट आहे.

बोटांत मात्र शेत संपतं. प्रत्येक बोटाला दोन बारीक धमन्या, दोन बाजूंनी, साधारण मिलिमीटरभर जाडीच्या. त्या शिवायला सूक्ष्मदर्शक लागतं आणि केसाहून बारीक धागा लागतो. आणि इथे एक गोष्ट आहे जी मला एका हातांच्या सर्जननं चहा पिताना सांगितली आणि जी मी कधी विसरले नाही. बोटात मज्जातंतू तळव्याच्या बाजूला असतो आणि धमनी त्याच्या मागे. म्हणजे तळव्याच्या बाजूनं सुरी आत गेली आणि रक्ताची चिळकांडी उडाली, तर सुरी आधी मज्जातंतूमधून गेलेली असण्याचीच शक्यता मोठी. रक्त पाहिलं की संवेदना तपासा, असं ते प्रत्येक शिकाऊ डॉक्टरला सांगायचे. आणखी एक सांगायचे: रक्त उडतंय म्हणून आंधळेपणानं चिमटा लावू नका. मनगटाशी अल्नर धमनीला अल्नर मज्जातंतू खेटून असतो, चिमट्यात तोही सापडतो. स्वच्छ फडकं घट्ट दाबा, हात वर धरा. हळद आणि चहापूड स्वयंपाकघरातच राहू द्या.

आता आमच्या धंद्याची कुचंबणा ऐका. मला हे सगळं माहीत आहे. चार्टमध्ये लिहिलंय, उजव्या तर्जनीच्या तळव्याच्या बाजूला खोल जखम, धमनी कापली, शिवली. मज्जातंतूबद्दल चकार शब्द नाही. मी एस ६४ लावू शकते का? नाही. कोडरनं निदान करायचं नसतं. जे लिहिलेलं नाही ते झालेलं नाही, हे आमच्याकडे पहिल्या दिवशी शिकवतात. फार तर डॉक्टरला क्वेरी पाठवायची, तीही अशा शब्दांत की उत्तर त्याच्या तोंडात घातल्यासारखं होता कामा नये.

कोड कसा उलगडतो ते एकदा जवळून दाखवते. एस ६५.०११ ए. एस म्हणजे जखम. सहा म्हणजे मनगट-हात. पाच म्हणजे रक्तवाहिनी. मग दशांश टिंब. शून्य म्हणजे अल्नर धमनी. एक असता तर रेडियल, दोन वरची कमान, तीन खोल कमान, चार अंगठा, पाच इतर बोटं. पुढचा एक म्हणजे कापली गेली. तिथे शून्य असता तर ‘काय झालं ते सांगितलेलं नाही’. त्यापुढचा एक म्हणजे उजवा हात, दोन डावा, आणि नऊ म्हणजे डॉक्टर लिहायला विसरला. या नऊचा आम्हाला फार राग. पेशंटला दोनच हात, त्यातला कोणता कापला हे न लिहिणारा डॉक्टर त्या वेळी कुठे बघत होता? बोटांमध्ये तर यादी आणखी लांबते: उजवी तर्जनी ५१०, डावी ५११, उजवं मधलं ५१२, असं करत डाव्या करंगळीपर्यंत ५१७.

शेवटचं अक्षर ए. नव्या कोडरचा पहिला महिना यात जातो. पुस्तकात त्याला ‘प्रारंभिक’ म्हटलंय, म्हणून सगळ्यांना वाटतं पहिली भेट. तसं नाही. ए म्हणजे उपचार जोरात चालू आहेत. पहिल्या शिवणीत गुठळी झाली, आठ दिवसांनी दुसऱ्या सर्जननं पुन्हा उघडून शिरेचा तुकडा जोडला, तरी ए. टाके काढायला आला, जखम बरी होतेय, की डी. आणि दोन वर्षांनी थंडीत बोट निळं पडतंय म्हणून आला, ते त्या जुन्या जखमेचंच उरलेलं, की एस.

हा एवढा तपशील जगभर आहे असं समजू नका. जागतिक आरोग्य संघटनेच्या दहाव्या आवृत्तीत एस ६५.० म्हणजे मनगट-हाताच्या पातळीवर अल्नर धमनीला इजा, इथेच गाडी थांबते. डावं-उजवं, ए-डी-एस ही अमेरिकेनं स्वतःसाठी केलेली भर. तीही १ ऑक्टोबर २०१५पासून. त्याआधी मी ज्या नवव्या आवृत्तीवर काम शिकले तिच्यात रेडियल म्हणजे ९०३.२ आणि अल्नर म्हणजे ९०३.३, झालं. डाव्या हाताचं बिल उजव्या हाताच्या बिलासारखंच दिसायचं. त्या आवृत्तीत निदानाचे कोड चौदा हजारांच्या आसपास, नवीत सत्तर हजारांच्या घरात. बदलाची तारीख दोनदा पुढे गेली. आम्ही तीन वर्षं परीक्षेची तयारी करून परीक्षाच होत नाही अशा पोरांसारखे बसलो होतो.

या याद्यांचा मूळपुरुष म्हणजे फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियों. त्यानं केलेली मृत्यूच्या कारणांची यादी १८९३मध्ये शिकागोच्या बैठकीत स्वीकारली गेली, १९००मध्ये पॅरिसला तिची पहिली आंतरराष्ट्रीय सुधारणा झाली, आणि १९४८च्या सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेच्या ताब्यात आली. त्याचा भाऊ अल्फाँस पॅरिसच्या पोलिसांत होता. गुन्हेगारांची शरीरं पट्टीनं मोजून त्यांची ओळख पटवायची पद्धत त्याची. ती पुढे बोटांच्या ठशांनी मोडीत काढली, आणि ठशांचं कार्यालय १८९७मध्ये कलकत्त्यात सुरू झालं. एक भाऊ मरणाची वर्गवारी करत होता, दुसरा जिवंत माणसांची. विषयाशी संबंध नाही, पण मला हे आवडतं म्हणून सांगितलं.

काही वेळा प्रश्न असा असतो की हे एस ६५ आहेच का. मनगटाच्या वर चार बोटांवर रेडियल धमनी कापली, तर ती एस ५५, कोपराखालच्या हाताची. धमनी तीच, गाव बदललं. सर्जन ‘मनगटाजवळ’ लिहून मोकळा होतो आणि इकडे दोन कोडर अर्धा तास भांडतात. किंवा हृदयाची तपासणी करायला मनगटातून नळी घातली आणि त्यात धमनीला चुकून इजा झाली. रक्त तसंच, धमनी तीच, पण सुरी वैद्याची असली की कोड जखमांच्या प्रकरणातून उठून रक्ताभिसरणाच्या प्रकरणात जातो, आय ९७.५मध्ये. किंवा सुतार वर्षानुवर्षं तळहाताच्या कडेनं ठोकत राहिला आणि करंगळीच्या बाजूची धमनी आतून खराब होऊन तिच्यात गुठळी झाली. एक अपघात असा नाहीच, हजार छोटे आहेत. ही जखम की आजार? डॉक्टरांनाच विचारावं लागतं.

आणि एक प्रश्न असा आहे की तो मी वर्गात हळू आवाजात शिकवते. मनगट मुद्दाम कापलेलं असतं तेव्हा. कारणाच्या कोडात हेतू येतो: अपघात, स्वतःहून, दुसऱ्यानं, किंवा डॉक्टरनं ठरवता येत नाही असं लिहिलेलं. नियम असा की हेतूबद्दल काहीच लिहिलेलं नसेल तर अपघात धरायचा. आपल्याकडच्या केसपेपरांत मी हा अपघात असंख्य वेळा वाचलाय. ‘घरकाम करताना काच लागली.’ मनगटाच्या आत, आडवी, तीन समांतर. पोलीस केस, घराची अब्रू, विमा, सगळं त्या डॉक्टरच्या डोळ्यापुढे असणार. २०१७च्या मानसिक आरोग्य कायद्यानं असा माणूस तीव्र ताणाखाली होता असं गृहीत धरायला सांगितलं, पण पेन धरणारा हात त्यानं लगेच सैल झाला असं मला दिसलं नाही. मी त्या डॉक्टरला दोष देत नाही. पण असं मनगट घेऊन आलेली एखादी मुलगी पुढच्या वेळी पुन्हा आली तर मागचा कागद तिच्या डॉक्टरला काहीच सांगणार नाही.

आता थोडं हलकं. कारणांची यादी हा अमेरिकन कोडांचा सगळ्यात करमणुकीचा भाग. बदकानं मारलं याला कोड आहे, डब्ल्यू ६१.६२. जाड कागदाच्या कडेनं कापलं, त्यालाही आहे. ॲव्होकॅडोची बी काढताना सुरी डाव्या तळहातात घुसते हा तिकडचा नेहमीचा प्रकार. सुरीचा कोड डब्ल्यू २६.०, काय करत होतात याचा वेगळा, कुठे याचा वेगळा. पण विळीला कोड नाही. सुरीत घालायची की इतर धारदार वस्तूंत? आणि ऊसतोडीचा कोयता? एकदा माझ्या वर्गात यावर तासभर वाद झाला. एक म्हणाला सुरी. दुसरी म्हणाली, यादीत तलवार-खंजीर आहे तिथे घाला. बीडचा एक मुलगा होता, तो गप्प बसला होता. शेवटी म्हणाला, ‘मॅडम, माझ्या आईच्या डाव्या हाताला तीन खुणा आहेत. तिला कुणी विचारलंच नाही कशानं लागलं.’ कडबाकुट्टीला मात्र जागा आहे, शेतीच्या यंत्रांत, डब्ल्यू ३०. जागा आहे; आपल्याकडे ती भरतो कोण?

याच मुद्द्याकडे मला यायचं होतं. हीच मुलं सकाळी नऊला बसून ओहायोतल्या कुणा अनोळखी माणसाच्या डाव्या अनामिकेची कोणती वाहिनी कापली ते बिनचूक सांगतात. पंच्याण्णव टक्क्यांच्या खाली अचूकता गेली की त्यांचा इन्सेंटिव्ह जातो. आणि संध्याकाळी त्यांच्याच गल्लीतला माणूस मशीनमध्ये हात घालून आला तर त्याच्या कागदावर काय असतं? ‘सीएलडब्ल्यू ओव्हर हँड, सूचरिंग डन.’ चिरडून फाटलेली जखम, टाके घातले. कोणता हात तेही नाही.

मी रेकॉर्ड विभागात असताना प्रेसवर काम करणारा एक तरुण खिडकीशी आला. वर्षापूर्वी मशीनमध्ये उजवं मधलं बोट सापडलं होतं. बोट तुटलं नव्हतं, पण थंड पडायचं, टोकाला कळायचं नाही, नट धरता येत नव्हता. नुकसानभरपाईसाठी त्याला जुना कागद हवा होता. १९२३च्या भरपाई कायद्याला तेव्हा एक परिशिष्ट होतं, त्यात तुटलेल्या बोटांचे टक्के छापलेले होते: अंगठा ३०, पूर्ण तर्जनी १४. जागेवर असलेल्या पण उपयोग नसलेल्या बोटासाठी डॉक्टरचं मत लागतं, आणि मताला आधार लागतो तो पहिल्या दिवशीच्या टिपणाचा. मी फाइल काढली. तेच, सीएलडब्ल्यू. धमनी नाही, मज्जातंतू नाही, बोटाचं नावही नाही. त्यानं माझ्याकडे असं बघितलं जणू मीच काही लपवतेय. मी त्याला शिक्का मारून खरी प्रत दिली. खिडकीपलीकडून दुसरं काय देणार?

मघाशी मागच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं की एवढं लिहायला सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरला वेळ कुठे आहे. बरोबर आहे. ओपीडीत दीडशे पेशंट असताना मी त्याला सात अक्षरं भरायला सांगणार नाही. आणि अमेरिकेत हा तपशील लिहिला जातो तो हाताच्या प्रेमापोटी नाही, अपुऱ्या कोडावर विमा कंपनी पैसे अडवते म्हणून, हेही मला वीस वर्षांत पुरतं कळलंय. म्हणून मला तो रबरी शिक्का आठवतो. दोन सेकंदांचं काम होतं ते.

या कार्यक्रमासाठी डॉक्टरांच्या सूनबाईंनी जुन्या केसपेपरांचा एक गठ्ठा मला बघायला दिला. नावं झाकून. त्यातला एक कागद १९८६चा, बहुधा माझ्याच अक्षरात वरची ओळ, ‘वय ३०, ऊसतोड’. खाली जांभळे दोन हात. डाव्या तर्जनीवर लाल रेघ, मधल्या बोटाच्या बाजूला. टोकाशी छोटा गोल आणि त्यात ‘बधिर’. खाली, ‘रक्त उडत होते, दाबून थांबले. पुण्यास पाठविले.’ परवा रात्री मी बसून त्याचे कोड लावले. उघडी जखम, एस ६१.२११ ए. मज्जातंतू, एस ६४.४९१ ए. रक्तवाहिनी, एस ६५.५११ ए. क्वेरी एकही लागली नाही. पण बोटाच्या दोन धमन्यांपैकी कोणती, हे मांडायला सातही अक्षरांत जागा सापडली नाही. तो कोड तर धमनी की शीर एवढंही विचारत नाही. ते त्या कागदावरच आहे, लाल पेन्सिलीत, मधल्या बोटाच्या बाजूला.